मेलेल्या वहिनीचा खेळ

४ जानेवारी

कुमारी भिंगरी यांस,

हे पत्र तुमच्या कंपनीच्या पत्त्यावर पाठवते आहे. भलत्याच कुणी फोडू नये म्हणून पाकिटावर ‘खासगी’ असं लिहिलं आहे.

मी मुलींच्या शाळेत शिवण शिकवते. आमच्या बाजाराच्या टोकाला कापसाचं जुनं गोदाम होतं, तिथे आता सिनेमाघर निघतं आहे. परवा त्याच्या भिंतीवर दाराएवढी जाहिरात डकवली. एका पायावर गिरकी घेणारी बाई, डोक्यावर हवालदाराची टोपी, आणि खाली तुमचं नाव. बरोबर समोर माझ्या दादाचं औषधांचं दुकान आहे. दादा दिवसभर त्या भिंतीकडे पाठ करून बसतो.

माझी वहिनी चार वर्षांपूर्वी माहेरी गेली आणि तिथे तापाने वारली, असं गावात सगळ्यांना माहीत आहे. मी तेव्हा शिक्षिकांच्या वसतिगृहात राहून शिकत होते, मला पत्राने कळलं. मी किती रडले ते माझं मला माहीत. वर्षभराने दादाने खरं सांगितलं, की तू नाटकवाल्यांबरोबर पळून गेलीस आणि घराची अब्रू राहावी म्हणून त्याला तसं सांगावं लागलं. दिवाणखान्यात तुमचा फोटो आहे. आई रोज पुसते.

आता हा सिनेमा पुढच्या महिन्यात येणार. तुमच्या मालकांना सांगून तो इकडे पाठवू नका. आत्ताच्या दिवसांत तर मुळीच नको. इथे तुम्ही मेलेल्या आहात. कृपा करून मेलेल्याच राहा.

— शिवणबाई

११ जानेवारी

प्रिय वन्सं,

‘शिवणबाई’ म्हणे! पाकिटावरचा तुझा ‘भ’ पाहिला आणि ओळखलं. आणि मला अहो-जाहो कधीपासून? मधे एकदा ‘तू’ निसटलंय, तेवढं वाचून बरं वाटलं.

मी मेले हे मला तुझ्याकडून कळतंय. ताप? तुमच्या घरात नांदले तेवढ्यात मला साधं पडसं झालं नाही, आणि मारायची वेळ आली तर ताप! दादाला काही सुचत नाही बघ. निदान गच्चीवरून पडून तरी मारायचं, मला शोभलं असतं. कारण वन्सं, मी इथे पडण्याचेच पैसे घेते. इतर नट्या छान रडतात, मी छान पडते. जिन्यावरून, टांग्यातून, पाण्याच्या हौदात. चित्रीकरण उन्हात चालतं. खोलीला तीनच भिंती, वर छपराऐवजी पांढरं कापड. तोंडाला पिवळट लेप आणि ओठांना तपकिरी रंग, कारण तांबडा लावला तर पडद्यावर शाई प्यायल्यासारखं दिसतं. कॅमेरावाला हाताने दांडा फिरवत असतो, दिग्दर्शक कर्ण्यातून ओरडतो, “पड!” की मी पडले. संध्याकाळी आमच्या मंडळाचा नाच-गाणी-नकलांचा खेळ. तिथे मी मिशा लावून हवालदार होते आणि लोक बाकं बडवतात.

आता ‘पळून गेले’ त्याबद्दल. नाटकवाल्यांबरोबर नाही गेले, नाटकवाल्यांकडे गेले. फरक आहे. तुमच्या शाळेच्या संस्थेचे अध्यक्ष घरी जेवायला आले होते, तू वसतिगृहात होतीस. स्वयंपाकघरात बायकांना हसवायला म्हणून मी त्यांच्या भाषणाची नक्कल केली. अध्यक्षांनी दारातून पाहिली आणि ते स्वतः पोट धरून हसले. दादा हसला नाही. दुसऱ्या दिवसापासून तो दुकानात जाताना मला मागच्या खोलीत घालून बाहेरून कुलूप लावायला लागला. आईंना सांगितलं, हिला वेडाचे झटके येतात. तू सुट्टीत आलीस की कुलूप निघायचं. सात महिने, वन्सं. मग एके दुपारी मी खिडकीतून शेजारच्या वखारीच्या पत्र्यावर उडी मारली. पाय मुरगळला, पण पडायचं कसं ते तेव्हाच शिकले.

सिनेमा येणार. तो थांबवणं माझ्या हातात नाही, आणि असतं तरी थांबवला नसता. पण ‘आत्ताच्या दिवसांत’ म्हणजे काय? तुमच्याकडे चाललंय काय?

तुझी,
वहिनी

२० जानेवारी

वहिनी,

दादाबद्दल असं लिहू नकोस. बाबा गेल्यावर त्याने मला शिकवलं, नोकरीला लावलं. संस्थेच्या कमिटीवर तो आहे म्हणून तर मला शाळेत घेतलं. तू नटी आहेस, तुला गोष्ट रंगवून सांगता येते.

असं लिहून मी पत्र बंद केलं होतं. पुन्हा उघडलं.

मागच्या खोलीच्या दाराला बाहेरून मोठा कोयंडा आहे. घरात दुसऱ्या कुठल्याच दाराला तसा नाही. मी एकदा विचारलं होतं, तेव्हा आई म्हणाली, अडगळीत मांजर शिरतं. मला ते पटलं होतं. खरं म्हणजे मला ते पटवून घ्यायचं होतं. काल आईला पुन्हा विचारलं. ती भाजी चिरत होती. म्हणाली, “जुनं कशाला उकरतेस?” मांजराचं नाव नाही काढलं.

तू विचारलंस म्हणून सांगते. दादाचं लग्न ठरलंय. मार्चच्या मध्यावर आहे. मुलगी आमच्या घड्याळजींची, माझ्याच हाताखाली शिवण शिकलेली. सगळे तिला चिमणी म्हणतात. एकोणीस वर्षांची आहे. बोटात सुई टोचली तरी तिला हसू येतं. मागच्या आठवड्यापासून दादा ती खोली रंगवून घेतोय. नव्या माणसाला स्वतःची खोली हवी, म्हणतो. सुताराने विचारलं, कोयंडा काढून टाकू का? दादा म्हणाला, राहू दे.

तो हे अगदी सहज म्हणाला.

— वन्सं

२६ जानेवारी

वन्सं,

तोंडाचा रंग पुसायच्या आधी लिहितेय, कागदावर डाग पडले तर पडू देत.

त्या पोरीला सांग. आज सांग.

तुझी नोकरी दादाच्या मुठीत आहे, हे कळतं मला. तोंडाने बोलवत नसेल तर बोलू नकोस. चिमणीला आणि घड्याळजींना सिनेमाला घेऊन जा. दिवाणखान्यातला माझा फोटो त्यांनी पाहिलाच असेल. पुढचं मी बघते. चांगली दोन माणसं उंच दिसते मी पडद्यावर, न ओळखायला काय झालं?

तुझी,
वहिनी

९ फेब्रुवारी

वहिनी,

गेलो होतो. चिमणी, घड्याळजी आणि मी.

गोदामात अजून कापसाचा वास येतो. बायकांची बाकं डावीकडे, मधे पडदा लावलेला, तो सिनेमा सुरू झाल्यावर काढतात. एक पेटीवाला पडद्याकडे मान वळवून वाजवत होता, आणि तू घाईने चालायला लागलीस की त्याची तारांबळ उडत होती. तू पहिल्यांदा दिसलीस तेव्हा माझ्या हातातला रुमाल खाली पडला. तू अगदी तशीच आहेस. मग तू माडीच्या खिडकीतून गवताच्या गाडीत उडी मारलीस आणि सगळं सिनेमाघर हसलं. मला नाही हसू आलं. मला वखारीचा पत्रा दिसत होता.

लोकांनी ओळखलं नाही असं समजू नकोस. मागून कुजबुज ऐकू येत होती. चिमणीने माझं मनगट धरलं आणि विचारलं, “बाई, ह्या तुमच्या वहिनी ना?” वहिनी, मी म्हटलं, “चेहरा मिळतो खरा.” माझ्या तोंडून तेच बाहेर पडलं.

आणि आता सगळं गाव तेच म्हणतंय. दादाने दुकानात बसून सगळ्यांना ऐकवलं, “चेहऱ्याला चेहरा मिळतो. त्या नटीचा आमच्या हिच्याशी काय संबंध?” गिऱ्हाइकांनी माना डोलावल्या. त्याच्याकडून उधारीवर औषधं नेणारी माणसं, दुसरं काय करणार! पडद्यावरची बाई बोलत नाही ना. तू वर येऊन पडलीस, उठलीस, हसलीस, पण ‘मीच ती’ असं म्हणाली नाहीस.

मी तुला म्हणाले होते मेलेलीच राहा. ते मी परत घेते. पण माझ्याने बोलवत नाही. मी भित्री आहे.

— वन्सं

१४ फेब्रुवारी

वन्सं,

भित्री असतीस तर बंद केलेलं पत्र पुन्हा उघडलं नसतंस. पुरे झालं ते.

तुझं एक खरं आहे. मुक्या सिनेमाचं हे काम नव्हे. मी येते. आमचं मंडळ मार्चमध्ये तुमच्याच बाजूला दौऱ्यावर निघतंय, सिनेमाच्या आधी तासाभराचा नकलांचा खेळ. तुमच्या गोदामवाल्याला लिहून पहिल्या शनिवारची रात्र पक्की केली.

सिनेमा कंपनीच्या मालकांना आधीच सांगून टाकलं की मी रंगमंचावरून नवऱ्याचं नाव घेणार आहे. ते खुर्चीतून उठले. “अगं, करारात ‘कुमारी’ लिहिलंय! कुमारी म्हणून लोक येतात. लग्न झालेली बाई जिन्यावरून पडली तर कोण हसेल? लोक हळहळतील!” मी म्हटलं, “मालक, तिकडे मी मेलेली आहे.” त्यांनी जरा विचार केला. म्हणाले, “मेलेली चालेल. लग्न झालेली नको.” शप्पथ. अगदी मनापासून म्हणाले. तसं केलंस तर पुढचं चित्र दुसरीला देईन, असंही म्हणाले. नायिकेचं काम होतं, वन्सं, पहिल्यांदाच. पाच रिळांचं.

रात्रभर विचार केला असं लिहिलं तर ते खोटं होईल. जेवले आणि झोपले. सकाळी उठून त्यांना सांगितलं, द्या दुसरीला.

चिमणीला आणि घड्याळजींना घेऊन ये. एवढंच कर.

तुझी,
वहिनी

तार, १ मार्च

येऊ नकोस. दादाला कळलं. गोदामवाल्यावर दबाव आणतोय. पुढच्या रांगेत स्वतः बसणार. — वन्सं

तार, २ मार्च

येते. मिशांना पीळ दिला आहे. — वहिनी

७ मार्च

वन्सं,

पुढच्या गावाहून लिहितेय. खेळ संपला तसा, दादाला न बधलेल्या गोदामवाल्याने आम्हाला मागच्या दाराने थेट स्टेशनवर पोचवलं. तुला भेटता आलं नाही, म्हणून हे.

मला तिथून काही म्हणजे काही दिसत नव्हतं. रंगमंचाच्या कडेला दिव्यांची रांग असते, तिच्यापलीकडे नुसता काळोख. मी नेहमीचा हवालदार केला, चोर समजून स्वतःचीच सावली पकडली, दोनदा पडले. सगळं ठीक चाललं होतं. मग मी टोपी काढली, मिशा उपटल्या (डिंक जास्त लागला होता, डोळ्यांत पाणी आलं, ते रडणं नव्हे) आणि माझ्या आवाजात म्हटलं, “मंडळी, मी समोरच्या औषधवाल्यांची बायको. मी मेलेले नाही. मला सात महिने घरात कोंडून ठेवलं होतं, म्हणून मी निघून गेले.”

आणि लोक हसले, वन्सं! बाकं बडवून हसले. त्यांना वाटलं, ही पण नक्कलच. आयुष्यात पहिल्यांदा हशा मला नकोसा झाला. जितकं खरं बोलावं तितके जास्त हसत होते.

मग दादाचा आवाज आला. “ही बाई वेडी आहे! उतरवा हिला खाली!” मी म्हटलं, “अहो, मेलेली की वेडी? एकदा काय ते ठरवा!” त्यावर तर छप्पर उडायची वेळ आली. मला कळलं, आपण हरलो. ज्या कामावर पोट भरतं, त्याच कामाने घात केला होता. पडदा पाडा म्हणून मी हात वर करणार, इतक्यात डावीकडून तुझा आवाज आला.

तू काय बोललीस ते मी ऐकलं. पण तिथे काय झालं ते मला दिसलं नाही. सगळं लिही. चिमणीचं काय झालं? आणि तू कुठे आहेस?

तुझी,
वहिनी

१२ मार्च

प्रिय वहिनी,

हे पत्र मोठ्या बाईंच्या, म्हणजे आमच्या मुख्याध्यापिकांच्या घरून लिहितेय. त्यांनी माडीवरची खोली दिली आहे. सविस्तर लिहिते.

लोक हसत होते तेव्हा चिमणीही हसत होती. मग तिने माझ्याकडे पाहिलं आणि ती थांबली. काही विचारलं नाही तिने. मागच्या वेळी विचारून झालं होतं ना, आणि मी दिलेलं उत्तर तिच्या लक्षात होतं. ते मला सोसवलं नाही. मी उभी राहिले. पुढचं बाक घट्ट धरलं. वर्गात पोरींचा कलकलाट झाला की मी लावते तसा आवाज लावला आणि म्हटलं, “ही माझी वहिनी आहे. ती खरं सांगतेय. घरात तिला कोंडायची खोली आहे, आणि त्या खोलीला नुकताच नवा रंग दिलाय.”

हसणं थांबलं. एकदम नाही, मागच्या बाकांवर थोडा वेळ चालूच होतं, मग तेही विरलं. मला कुणी नटी म्हणू शकत नाही ना. निम्म्या गावच्या पोरींना मी काजं करायला शिकवलंय.

घड्याळजी उठून दादापाशी गेले. कमी बोलणारा माणूस. म्हणाले, “ही तुमची बायको का?”

दादा म्हणाला, “होती.”

“होती कशी? समोर उभी आहे.”

घड्याळजींनी चिमणीला हाक मारली, चल म्हणाले. तर चिमणी उठेना! “अहो बाबा, खेळ अजून संपला नाही.” तेव्हा घड्याळजीच तिच्या शेजारी बायकांच्या बाकावर येऊन बसले. कुणी त्यांना हटकलं नाही. दादा निघून गेला. लग्न मोडलं हे सांगायला नको.

घरी गेले तर दार बंद. आईने आतून सांगितलं, “दादा उघडू देत नाही गं.” मी म्हटलं, “तू उघड.” ती दारापलीकडे उभी होती, तिच्या बांगड्या वाजत होत्या. तिने नाही उघडलं. त्याचं वाईट वाटलं, फार वाटलं.

कमिटीने मला बोलावलंय. बघू.

तुझी,
वन्सं

३ एप्रिल

प्रिय वन्सं,

सिनेमावाल्यांनी शब्द पाळला. पाच रिळांचं काम दुसरीला गेलं. ती रडते छान, पण जिन्यावरून पडायला घाबरते, तेव्हा पडण्यापुरतं मला बोलावलं. तिच्यासारखी साडी नेसून, पाठमोरी. मी नाही म्हटलं. पडेन तर माझ्या तोंडानिशी पडेन. मंडळाचे मालक मात्र खूश आहेत. तुमच्या गावची हकीकत आमच्या आधी पुढच्या गावी पोचलेली असते आणि बायकांची बाकं आधी भरतात. जाहिरातीवरचं ‘कुमारी’ त्यांनी खोडलं. आता काय लिहू, विचारत होते. मी म्हटलं, नुसतं भिंगरी लिहा, तेवढंच मोठ्या अक्षरांत बसतं.

आता खरी बातमी. दादाच्या वकिलाची नोटीस आली. महिन्याच्या आत नांदायला यावं, नाहीतर कोर्टात दावा. नोटिशीत लिहिलंय, ‘माझ्या अशिलाची हयात व कायदेशीर पत्नी.’ हयात! मी ती नोटीस सगळ्या मंडळाला वाचून दाखवली. ज्याने मला मारलं, त्याच्याच वकिलाच्या सहीने मी जिवंत झाले.

इथला माझा वकील म्हणतो, तडजोड कर, गुपचूप काहीतरी मिटवू. मी मिटवणार नाही. दावा लागू दे. मी स्वतः येऊन उभी राहीन आणि सात महिने काय झालं ते सांगेन, ह्या वेळी मिशांशिवाय. निकाल काय लागेल देव जाणे. न्यायाधीश काही आमच्या बाकांवर बसणारा नाही. हरले तर पुन्हा जाईन, वरच्या कोर्टात. नांदायला मात्र जाणार नाही.

पण तू साक्षीला येऊ नकोस. मनापासून सांगते. एकदा उभी राहिलीस ते खूप झालं. कमिटीच्या हातात तुझी भाकरी आहे, आणि दादा तुझा सख्खा भाऊ आहे. मी फिरती बाई, माझं कुठेही भागेल.

तुझी,
वहिनी

९ एप्रिल

प्रिय वहिनी,

‘येऊ नकोस’ ही तार मी पाठवली होती तेव्हा तू ऐकलं होतंस का? मग मी का ऐकू?

काल कमिटी बसली. टेबलाच्या एका बाजूला पाच जण, त्यांत दादा. मला बसायला खुर्ची नव्हती. मोठ्या बाईंनी स्वतःची उचलून दिली आणि त्या उभ्या राहिल्या, त्यामुळे पाचही जणांना अवघडल्यासारखं झालं. अध्यक्षांनी विचारलं, कोर्टात जाणार का? मी म्हटलं, बोलावलं तर जाईन, न बोलावलं तर स्वतःहून जाईन. मग दादा बोलला. त्या रात्रीनंतर पहिल्यांदाच. “सख्ख्या भावाच्या विरुद्ध बोलणार तू?”

आम्ही लहान असताना मला ताप आला की हाच माझ्या उशाशी बसायचा, वहिनी. तेही खरं आहे, ते मी कोर्टातसुद्धा नाकारणार नाही.

मी म्हटलं, “दादा, तुझ्याविरुद्ध नाही. मी मला माहीत आहे ते बोलणार. ते तुझ्याविरुद्ध जातंय, त्याला मी काय करू?”

मला उन्हाळ्याच्या सुट्टीपर्यंत ठेवलंय. पुढचं त्यानंतर ठरवणार. नाही ठेवलं तर मोठ्या बाईंच्या माडीवर शिवणाचा वर्ग काढेन. चिमणी म्हणाली, पहिली मी येते. तिला अजून सरळ टीप मारता येत नाही, तेव्हा कामाला तोटा नाही.

तारीख लागली की गाडी कळव. उतरायचं माझ्याकडे, मंडळाच्या बिऱ्हाडात नाही. मी स्टेशनवर येईन. टांगा करायचा नाही. मागच्या गल्लीनेही जायचं नाही. सामान हमालाच्या डोक्यावर देऊ आणि भर बाजारातून चालत जाऊ, दुकानं उघडी असताना.

तुझी,
वन्सं